गावाकडं डॉक्युमेंटरीसारखी दिसणारी कॉमेडी शॉर्ट फिल्म कशी बनवायची: नवीन पोरापोरींसाठी

ज्याच्याकडं एक बरा फोन आहे, दोन-तीन रिकामे दोस्त आहेत आणि गावातलं कुणीतरी तोंड वासून बोलायला लागलं की ज्याला हसू आवरत नाही, त्याच्यासाठी हे लिहितोय. डॉक्युमेंटरीच्या ढंगातली खोटी कॉमेडी, मॉक्युमेंटरी म्हणतात तिला, ही बिनपैशाच्या माणसाला सगळ्यात जास्त झेपते. कॅमेरा हलला तर चालतो, मधीच पोरगं फ्रेममधी घुसून लेन्समधी बघायला लागलं तरी चालतं, मागून शेळी गेली तर उलट खरं वाटतं. साध्या फिल्ममधी ह्याच गोष्टींनी टेक वाया जातो.

चालत नाही ते एकच. समोरच्या माणसाला आपण विनोदी आहोत हे कळलेलं चालत नाही. तो जीव तोडून, पूर्ण गंभीरपणे बोलला पाहिजे, आणि तो जे सांगतोय त्याच्या उलट काहीतरी कॅमेऱ्याला दिसलं पाहिजे. खालचं सगळं, लिहिण्यापासून एडिटपर्यंत, ह्याच एका गोष्टीभोवती फिरतंय.

आधी माणूस धरा

नवीन पोरं आधी स्टोरी शोधतात, मग त्यात पंच शोधतात, मग शेवटी एक मेसेज चिकटवतात. तसं करू नका. आधी एक माणूस धरा ज्याला स्वतःबद्दल एक ठाम समज आहे आणि गावाची समज वेगळी आहे. समजायला सोपं जावं म्हणून एकच उदाहरण घेऊन शेवटपर्यंत चालू.

समजा एक पाणाड्या आहे. तळहातावर नारळ आडवा ठेवून शेतातून चालतो, नारळ उभा राहिला की म्हणतो इथं मारा बोअर. पंचक्रोशीत मान आहे. आणि त्याच्या स्वतःच्या रानातले दोन्ही बोअर कोरडे, नुसता फुफाटा उडाला, घरी पाणी टँकरचं. झाली फिल्म. तो कॅमेऱ्यासमोर सांगतोय, "आपला पॉइंट कधी कोरडा जात नसतो. पाणी असतंच, फक्त ते खाली सरकतं." आणि मागं त्याची बायको गुपचूप टँकरचा पाइप ड्रममधी सोडतीये. ह्यात जोक कुणी मारलाच नाही, तरी हसू येतं.

आपल्याकडं असे विषय पायलीला पन्नास मिळतात. लातूरला क्लासच्या गल्लीत खोल्या भाड्यानं देणारा मालक, ज्याला वाटतं पोरं डॉक्टर झाली ती त्याच्या खोलीच्या वास्तूमुळं. जालन्याकडचा मोसंबीवाला जो फक्त भाव पडल्यावरच भाषण करतो. गावातला व्हॉट्सअॅप ग्रुपचा अॅडमिन जो स्वतःला सरपंचाच्या वरचा समजतो. फक्त एक बघा, त्या माणसाला काहीतरी पाहिजे असलं पाहिजे. पाणाड्याला काय पाहिजे? समजा त्याला तिसरा बोअर मारायचाय, पैसे कर्जाचे, आणि गाडी परवा येणार. आता फिल्मला एक दिवस मिळाला ज्याची सगळे वाट बघतायत. हे नसलं की नुसते मुलाखतीचे तुकडे राहतात आणि चौथ्या मिनिटाला बघणारा फोनच्या नोटिफिकेशनकडं वळतो.

आणि हसायचं कुणावर हे आधी ठरवा. माणसाच्या गरिबीवर, बोलीवर, अडाणीपणावर हसलात तर फिल्म पुण्या-मुंबईत एकवेळ चालंल, गावात तोंड दाखवायला जागा राहणार नाही. त्याच्या गर्वावर हसा, थापेवर हसा, तो गर्व कलेक्टरपासून कोतवालापर्यंत सगळ्यांकडं असतोय.

कॅमेरा तिथं आला कशाला

हे बहुतेक जण सोडूनच देतात. फिल्ममधल्या फिल्ममधी शूट कोण करतंय? पाणाड्याच्या घरात तुमचा कॅमेरा का आहे? उत्तर बघणाऱ्याला सांगायचं का नाही ते नंतर बघा, पण तुम्हाला पक्कं माहीत पाहिजे, कारण पुढचे सगळे नियम त्यातून निघतात. कृषी कॉलेजच्या पोरांचं प्रोजेक्ट असलं तर कॅमेरा एकच, पोरं घाबरट, प्रश्न पुस्तकी. पुतण्यानं काकाचा प्रचार म्हणून शूट चालवलं असलं तर कॅमेरा घरात, चुलीपाशी, रात्री पण जाऊ शकतो, आणि काकू त्याला मधीच पाणी आणायला पाठवू शकती, तेव्हा कॅमेरा खाटेवर पडलेला, फ्रेममधी नुसते पाय. असले शॉट पैसे देऊन मिळत नाहीत.

एक जुना ढंग पण लई कामाचा आहे. १९४८ साली सरकारनं फिल्म्स डिव्हिजन काढलं आणि पुढं कितीतरी वर्षं थेटरात पिक्चरच्या आधी त्यांच्या समाचारफिती दाखवणं बंधनकारक होतं. त्यातला तो धीरगंभीर निवेदक, किंवा दूरदर्शनवर शेतीच्या कार्यक्रमात "शेतकरी बांधवांनो" म्हणणारा तो आवाज, आपल्या आधीच्या पिढीच्या कानात अजून बसलाय. त्या आवाजात "पाणाड्या हा भूगर्भाचा मूक अभ्यासक" असं म्हणा आणि पडद्यावर नारळ हातातून घरंगळून गटारीत जाऊ द्या. पण निवेदन सगळीकडं ठोकू नका, सुरुवातीला आणि मधी एकदा, बास. जास्त झालं की निवेदकच हिरो होतो.

लिहायचं किती

संवाद पाठ करायला देऊ नका. सीन लिहा, प्रश्न लिहा, आणि प्रत्येक सीनमधी कुठून निघून कुठं पोचायचं तेवढं लिहा. दहा मिनिटाच्या फिल्मला चार-पाच पानं भरपूर झाली. बाकी माणसाला त्याच्या तोंडच्या भाषेत बोलू द्या. फक्त जे वाक्य अगदी तसंच पाहिजे, म्हणजे वरचं "पाणी खाली सरकतं", तेवढं लिहून द्या आणि त्याला सांगा हे असंच पाहिजे.

बोलीचं बघा, मराठवाडी म्हणजे एक भाषा नाही. उदगीर-निलंग्याकडं कानडीचा हेल, देगलूर-बिलोलीकडं तेलुगू मिसळलेलं, संभाजीनगरला जुन्या शहरात दखनी, परभणी-हिंगोलीकडं वऱ्हाडीची झाक. एका घरातल्या नवरा-बायकोला दोन ठिकाणचं बोलायला लावू नका, लावलंच तर काकूचं माहेर कुठलं ते एका वाक्यात येऊ द्या, त्यातून अजून एक भांडण मिळतं. नुसतं "लई" आणि "व्हय" शिंपडलं म्हणजे गावरान होत नाही. बोलण्याची चाल धरावी लागते, कुठं थांबतात, कुठं सूर चढवतात. लक्ष्मणराव देशपांड्यांनी इथंच, संभाजीनगरात राहून, 'वऱ्हाड निघालंय लंडनला' मधी एकट्यानं स्टेजवर बावन्न पात्रं उभी केली, ना सेट ना मेकअप, सगळं बोलण्याच्या लकबीवर. ते कसं केलं ते शक्य असलं तर रेकॉर्डिंगमधी ऐका, बघण्याआधी नुसतं कानानं ऐका.

लांबी सात ते बारा मिनिटं धरा. ऑस्करवाले चाळीस मिनिटांपर्यंत शॉर्ट फिल्म म्हणतात, पण कॉमेडीला चाळीस मिनिटं म्हणजे शिक्षा आहे.

माणसं जमवणं

संभाजीनगरला डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग आहे, तिथून आणि दोन्ही विद्यापीठांच्या युवक महोत्सवातून, म्हणजे तिकडं नांदेडचं स्वामी रामानंद तीर्थ पण आलं, दरवर्षी चांगली पोरं निघतात. एकांकिका बघायला जा, नंबर घ्या. स्टेजच्या पोरांचा एकच प्रॉब्लेम, आवाज शेवटच्या रांगेपर्यंत फेकतात आणि जोकच्या आधी डोळे मोठे करतात. त्यांना सांगायचं, तू दुष्काळावरच्या बातमीत बाइट देतोय असं समज. बऱ्याचदा तेवढ्यानं भागतं.

भजनी मंडळातली माणसं, गोंधळी, लग्नात आहेर पुकारणारे, यात्रेत माइकवर बोलणारे, ह्यांना कॅमेऱ्याची भीती नसते आणि टायमिंग उपजत असतं. पाणाड्याचा रोल मी तर असल्याच कुणाला देईन. वय झालेल्या माणसाला दिवसभर उभं करू नका, एवढं फक्त पाळा.

आता महत्त्वाचं. खरी माणसं आणि ठरवलेली माणसं एकाच फिल्ममधी घेणार असाल, आणि घ्याच, तर खऱ्या माणसाला आधी सांगा की ही कॉमेडी आहे, पाणाड्या खोटा आहे. फसवून बाइट घेतलेला माणूस फिल्म बघून दुखावतो, आणि गावात ते भांडण दहा वर्षं पुरतं. सांगितल्यानं मजा जाते असं वाटतं, जात नाही. गावातली माणसं सांगितल्यावर तुमच्यापेक्षा गंभीर चेहरा करतात. एक पानाचं संमतीपत्र मराठीत करा: नाव, फिल्मचं नाव, माझं चित्र आणि आवाज वापरायला परवानगी, किती पैसे मिळाले किंवा मोफत केलं, सही, तारीख. अठराच्या आतलं पोरगं असलं तर आई-बापाची सही. ज्याला वाचता येत नाही त्याला वाचून दाखवा आणि त्याचा व्हिडिओ करून ठेवा.

माणसं कधी मोकळी असतात ते पण बघा. बीडकडं दिवाळीनंतर ऊसतोडीला गेलेली घरं मार्च-एप्रिलला परत येतात, मधल्या काळात अर्धं गाव रिकामं. सोयाबीन काढणीच्या दिवसात तर हात जोडून पण कुणी येणार नाही. आणि रानाचा रंग धरा, ऑगस्टमधी हिरवंगार, एप्रिलमधी ढेकळं. एक सीन आधी आणि दुसरा चार महिन्यांनी केलात तर एकाच दिवसात पाऊस पडून उन्हाळा लागल्यासारखं दिसंल.

फोन आणि सेटिंग

कॅमेरा भाड्यानं आणू नका, पहिली फिल्म फोनवरच करा. ब्लॅकमॅजिक कॅमेरा नावाचं अॅप फुकट आहे, आयफोनवर आणि बऱ्याच अँड्रॉइडवर चालतं. नाही चाललं तर ओपन कॅमेरा. अॅप कशाला, तर फोनचा ऑटो मोड दर सेकंदाला उजेड, रंग, फोकस आपल्या मनानं बदलतो आणि एडिटला बसल्यावर एकच सीन तीन रंगाचा दिसतो. व्हाइट बॅलन्स (रंगाचा समतोल), आयएसओ (उजेड टिपायची ताकद), फोकस लॉक करा.

फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं, २५ ठेवा, आणि शटर, म्हणजे एक चित्र किती वेळ उजेड घेतं, १/५० सेकंद. कारण आपली लाइट ५० हर्ट्झची, म्हणजे ट्यूब किंवा स्वस्त एलईडी सेकंदाला शंभर वेळा कमीजास्त होते. फोन बहुतेक ३० वर असतो, शटर पण कायबी धरतो, मग घरातल्या शॉटमधी काळे पट्टे सरकत राहतात आणि ते नंतर काढता काढता जीव जातो. बाहेर उन्हात १/५० नं सगळं पांढरं फट्ट पडंल, तिथं एनडी फिल्टर (उजेड कमी करणारी काळी काच) लावा, नाहीतर शटर जलद करा, कुणी मरत नाही. पण घरात १/५० किंवा १/१००, ह्यात तडजोड नाही.

फोरकेमधी, म्हणजे मोठ्या चित्रात, शूट करा, फिल्म १०८० मधी, म्हणजे लहान चित्रात, काढा. मग एडिटमधी झूम करता येतो, आणि डॉक्युमेंटरीवाल्याचा तो उशिरा कळल्यासारखा झूम, ह्या प्रकारात त्याच्यावरच अर्धे हशे असतात. फोरकेला फोनप्रमाणं मिनिटाला २०० ते ४०० एमबी जागा जाते, त्या हिशोबानं फोन आधी रिकामा करा. शूट झालं की त्याच दिवशी दोन ठिकाणी कॉपी, आणि दोन्ही कॉप्या एकाच बॅगमधी नेऊ नका.

पांढरं धोतर, पांढरी टोपी, काळवंडलेला चेहरा आणि दुपारचं ऊन, ही आपल्याकडची नेहमीची फ्रेम आणि फोनला सगळ्यात अवघड. चेहऱ्यावर एक्स्पोजर धरा, टोपी जरा जळाली तरी जळू द्या. नाहीतर माणूस लिंबाखाली घ्या. एप्रिल-मेमधी सकाळी दहाच्या आत आणि चारनंतरच काम करा, मधल्या वेळात फोन तापून आपोआप बंद पडतो आणि माणसं त्याच्या आधी.

आवाज, आवाज, आवाज

चित्र हललेलं लोक माफ करतात, शब्द नाही कळला तर पुढं सरकवतात. कॉमेडीत तर एक शब्द गेला की पंच गेला. म्हणून पैसे असतील ते सगळे इथं घाला.

सगळ्यात स्वस्त जुगाड: वायरचा कॉलर माइक, हजाराच्या आतबाहेर मिळतो, तो दुसऱ्या फोनला लावायचा, त्या फोनवर रेकॉर्डर चालू करून विमान मोडवर टाकून माणसाच्या खिशात. दोन माणसं असली तर दोन फोन. प्रत्येक टेकच्या सुरुवातीला फ्रेममधी जोरात एक टाळी, एडिटमधी टाळीवर टाळी जुळवली की झालं. ऑडिओ ४८ किलोहर्ट्झवर. लेव्हल अशी की मोठ्यानं बोलल्यावर मायनस १२ डेसिबलच्या आसपास जाईल, लाल पट्टीला लागू नये, फाटलेला आवाज कुणालाच शिवता येत नाही. पैसे असले तर दोन ट्रान्समीटरवाला वायरलेस घ्या, पण त्यात पण आत रेकॉर्डिंग होणारा बघून घ्या.

माइक नेहरू शर्टाच्या आत लपवताना कापड घासतं, चिकटपट्टीचा त्रिकोण करून दोन्ही बाजूनं चिकटवा. साडीवर बांगड्या आणि मंगळसूत्राचा आवाज येतो, माइक पदराच्या वर, खांद्याकडं घ्या. आणि खरं सांगू का, ह्या प्रकारात माइक दिसला तरी चालतो. मुलाखतच चाललीये ना. उलट पाणाड्या माइक लागलाय विसरून बाजूला जाऊन बायकोला दमात घेतो आणि आपल्याला सगळं ऐकू येतं, हा सीन ह्या प्रकारात कधी जुना होत नाही.

जागा ठरवायच्या आधी तिथं डोळे मिटून दोन मिनिटं बसा. गिरणी, पत्र्यावरची कबुतरं, भोंगा, शेजारचा ट्रॅक्टर ज्याच्यावर दिवसभर गाणी चालू. पत्र्याच्या घरात आवाज घुमतो, दुपारी पत्रा तापून टणटण वाजतो. फ्रेमच्या बाहेर वाकळा, गोधड्या टांगा, खाली सतरंजी टाका. पंखा बंद. फ्रिज बंद, आणि गाडीची चावी फ्रिजमधी ठेवा म्हणजे निघताना परत चालू करायचं आठवंल, नाहीतर काकूचं दूध नासलं की पुढच्या फिल्मला ते घर बंद. रानात वारं असतंच, माइकवर केसाळ टोपी लावा, ती नसली तर स्पंज.

आणि प्रत्येक ठिकाणी एक मिनिट सगळ्यांना गप बसवून नुसती शांतता रेकॉर्ड करा. तिला रूम टोन म्हणतात, दोन वाक्यांच्या मधी भरायला लागते.

शूटिंगच्या दिवशी

मुलाखत आधी करा, घटना नंतर. कारण मुलाखतीत तो ज्या थापा मारंल त्याच्या उलट काय दाखवायचं ते तुम्हाला तिथंच सुचत जातं. तो म्हणाला "माझ्या शब्दाला घरात किंमत आहे," तर लगेच वहीत लिहा: घरात कुणी ऐकत नाही असे तीन शॉट.

प्रश्न विचारणारा लेन्सच्या शेजारी, डोळ्याच्या उंचीला बसलेला. माणूस विचारणाऱ्याकडं बघून बोलणार, लेन्समधी नाही. लेन्समधी बघणं जपून ठेवा, अख्ख्या फिल्ममधी दोनदा-तीनदा, आणि ते शक्यतो पाणाड्याचं नाही, बायकोचं. त्याला वाटतं तो फिल्मचा हिरो आहे. तिला माहितीये काय चाललंय.

माणसाला सांगा प्रश्न उत्तरात घेऊन बोला, म्हणजे "कधी सुरू केलं" ला "अठ्ठ्याऐंशीला" असं नको, "मी हे काम अठ्ठ्याऐंशीला सुरू केलं" असं. नाहीतर एडिटमधी तुमचा आवाज काढता येत नाही. आणि उत्तर संपलं की लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. गप बसा. चार-पाच सेकंद गेले की माणसाला ती शांतता सहन होत नाही, मग तो जे काही अजून बोलतो ते सगळ्यात भारी असतं. नवशिक्यांना हे जमत नाही, त्यांना वाटतं आपण प्रश्न विसरलो.

कॅमेरा धरणाऱ्याला एकच ट्रेनिंग: तुला पुढं काय होणार माहीत नाही. घटना घडली की मग कॅमेरा तिकडं वळला पाहिजे, आधी नाही. नारळ पडला, आवाज आला, मग कॅमेरा शोधत गेला, फोकस गेला, परत आला. आधीच नारळावर फ्रेम लावून उभा राहिलास तर बघणाऱ्याला कळतं की हे रचलेलंय. पण हललेलं म्हणजे मुद्दाम थरथरवलेलं नाही हा, असलं बघून उलटी येते.

गर्दी जमणारच. पोरं विचारणार टीव्हीवर कधी दिसणार. हाकलू नका, घ्या त्यांना. बोअर मारायच्या सीनला तर गर्दीच पाहिजे, प्रत्येकाला विचारा किती फुटाला लागंल, किती इंच लागंल, सगळे एकदम ठाम उत्तर देतात आणि सगळ्यांची उत्तरं वेगळी. बोअरची गाडी तमिळनाडू पासिंगची असती हे तुम्ही बघितलंच असंल, तिरुचेंगोडे भागातून ह्या गाड्या देशभर फिरतात, त्यावरची पोरं मोडकी हिंदी बोलतात आणि त्यांनी अशी शंभर गावं बघितलेली असतात. त्यातल्या एकाची मुलाखत घ्या. "हर गांव में ऐसा एक आदमी रहता है" एवढं जरी थंडपणे म्हणाला तरी सीन खिशात. खरा बोअर मारायला लई पैसे लागतात, म्हणून गावात कुणाचा खरा बोअर ठरलाय का ते धरून ठेवा आणि त्या दिवशी मालकाच्या परवानगीनं आपला सीन त्यात घुसवा. गाडीवाल्यांच्या कामात आडवं जाऊ नका, तिथं दगड उडतो.

यात्रेचा पण असाच फायदा. लोह्याजवळच्या माळेगावला मार्गशीर्षात खंडोबाची यात्रा भरते, घोडे, गाढवं, उंट, कुत्र्यांचा पण बाजार, असला सेट करोडो देऊन उभा राहणार नाही.

जेवणाचं मात्र वेळेवर बघा. फुकटात आलेल्या माणसाला दोन वाजेपर्यंत उपाशी ठेवलं की तीन वाजता तो गाईचं दूध काढायचंय म्हणून निघून जातो. धपाटे, ठेचा, दही, जे काय घरून येईल ते, पण वेळेवर.

परवानग्या

गावात ग्रामपंचायतीला एक अर्ज आणि जवळच्या पोलीस ठाण्याला माहितीचं पत्र, दोन्हीची पोच घेऊन खिशात ठेवा. वेरूळ, अजिंठा, दौलताबाद, बीबी का मकबरा ही पुरातत्त्व खात्याची ठिकाणं, तिथं फिल्म शूटिंगला त्यांची लेखी परवानगी आणि फी लागते, फोन आहे म्हणून सुटत नाही. रेल्वे स्टेशनला रेल्वेची परवानगी, आपल्याकडचा बराच भाग दक्षिण मध्य रेल्वेच्या नांदेड विभागात येतो. एसटी स्टँडवर एसटी महामंडळाची. ड्रोनचं २०२१ च्या नियमानं २५० ग्रॅमपर्यंतच्या छोट्या ड्रोनला पायलटचं प्रमाणपत्र लागत नाही, पण उडवायची जागा कुठल्या झोनमधी येते ते डिजिटल स्काय ह्या सरकारी वेबसाइटवर बघावंच लागतं, विमानतळाजवळ तर नकोच. तसंही पाणाड्याच्या फिल्ममधी ड्रोन कशाला पाहिजे, ती हौस लग्नाच्या शूटिंगवाल्यांना राहू द्या.

गाणी वापरू नका. "पंधरा सेकंद चालतं" हे साफ खोटं आहे, कायद्यात असं काही नाही. मागं ट्रॅक्टरवर पिक्चरचं गाणं वाजत असलं तर ते पण बंद करायला लावा. गावातल्या हलगीवाल्याला, संबळवाल्याला बोलवा, पैसे द्या, कागदावर सही घ्या, आपलं स्वतःचं म्युझिक झालं.

एडिट

दाविंची रिझॉल्व्ह ह्या एडिटिंग सॉफ्टवेअरचं फुकट व्हर्जन पुरून उरतं. लॅपटॉप हळू असला तर आधी प्रॉक्सी, म्हणजे फुटेजच्या हलक्या कॉप्या, बनवून घ्या. फोनचं फुटेज बऱ्याचदा बदलत्या फ्रेम रेटचं असतं आणि वीस मिनिटाच्या मुलाखतीत शेवटाकडं ओठ आणि आवाज सुटतात, तसं झालं तर हँडब्रेक नावाच्या सॉफ्टवेअरमधून कायम २५ फ्रेमवर बदलून मग आत घ्या.

आधी सगळी मुलाखत ऐकून कागदावर उतरवा, वेळेसकट. कंटाळा येतो, पण एडिट खरी तिथंच होते. मग नुसत्या आवाजाची फिल्म जुळवा, आठ-नऊ मिनिटाची, आणि डोळे मिटून ऐका. आवाजात हसू येत नसलं तर चित्रानं येणार नाही.

कापायचं कुठं? पंच झाला की लगेच कापू नका, तसं रीलवाले करतात. वाक्य संपल्यावर चेहरा दीड-दोन सेकंद राहू द्या. पाणाड्या म्हणाला "पाणी खाली सरकतं," आणि तो स्वतःच मान हलवतोय, समाधानानं, आणि मागं ड्रम भरून वाहायला लागलाय. मग काप. हसण्याचे इफेक्ट, "टॉइंग" आवाज, चेहऱ्यावर झूम करून रंग बदलणं, हे सगळं काढून टाका. तो आवाज आला की तुम्ही बघणाऱ्याला कोपर मारून सांगताय की बघ जोक झाला.

खाली नावाची पट्टी येते ना, तिथं फुकटचा विनोद आहे. पहिल्यांदा पाणाड्याच्या नावाखाली "भूजल तज्ज्ञ". मधी "भूजल तज्ज्ञ, अनुभव ३० वर्षे". बोअर कोरडा गेल्यानंतर "टँकर ग्राहक". फॉन्ट अगदी सरकारी, साधा. ती पट्टी फिल्ममधला सगळ्यात गंभीर माणूस समजा.

इंग्रजी सबटायटल करायचेच, बाहेरच्या फेस्टिवलला त्याशिवाय घेत नाहीत. एका वेळी दोनच ओळी, ओळीला चाळीसेक अक्षरं. आणि पंचचा शब्द बोलायच्या आधी स्क्रीनवर येऊ देऊ नका, थेटर अर्धा सेकंद आधी हसतं आणि बोललेलं कुणाला ऐकूच येत नाही. वाक्य तोडा, पंच दुसऱ्या सबटायटलमधी टाका. "फुफाटा उडाला" चं शब्दशः करत बसू नका, कोरडं गेलं एवढं कळलं की बास.

कच्ची फिल्म झाली की तुमच्याशी काही देणंघेणं नसलेल्या पाच-सहा जणांना दाखवा आणि स्क्रीनकडं नाही, त्यांच्याकडं बघा. कुठं फोन काढला ते मिनिट लिहा. नंतर "कशी वाटली" विचारू नका, सगळे छान म्हणतात. विचारा, पाणाड्याला काय पाहिजे होतं? हे सांगता आलं नाही तर पहिली दोन मिनिटं परत कापायला घ्या.

पाठवायचं कुठं

यूट्यूबवर लगेच टाकू नका. काही फेस्टिवलना आधी कुठंच न दाखवलेली फिल्म पाहिजे असते, नियम वाचूनच टाका. घरचं म्हणाल तर संभाजीनगरचा अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आणि पुण्याचा पिफ आहेत. मुंबईचा मिफ हा डॉक्युमेंटरी, शॉर्ट फिल्म आणि अॅनिमेशनचाच महोत्सव आहे, १९९० पासून, दर दोन वर्षांनी. केरळात तिरुअनंतपुरमला डॉक्युमेंटरी आणि शॉर्ट फिल्मचा वेगळा महोत्सव होतो, तिथलं पब्लिक लई जाणकार. बाहेरचे बरेच फिल्मफ्रीवे वेबसाइटवरून घेतात, फी डॉलरमधी असते, तेव्हा दिसंल तिथं टाकत सुटू नका. पैसे घेऊन सगळ्यांनाच बक्षीस देणारे ऑनलाइन फेस्टिवल ढीगभर झालेत, दर महिन्याला अवॉर्ड देतात आणि थेटर कधी दाखवतच नाहीत, त्यांच्यापासून लांब राहा.

फॉर्म भरताना प्रकार काय लिहायचा ह्यात गोंधळ होतो. दिसायला डॉक्युमेंटरी असली तरी तुमची गोष्ट रचलेली आहे, म्हणून फिक्शन किंवा कॉमेडीत टाका. डॉक्युमेंटरीत टाकली आणि नंतर कळलं की पाणाड्या नट आहे, तर तोंड लपवावं लागंल.

थेटरात दाखवायची वेळ आली तर डीसीपी, म्हणजे थेटरच्या प्रोजेक्टरला चालणारा फिल्मचा फॉरमॅट, मागतात, डीसीपी-ओ-मॅटिक नावाच्या फुकट सॉफ्टवेअरमधी घरीच बनतो, फक्त पेन ड्राइव्हवर नेऊन एकदा खऱ्या थेटरात लावून बघा. जाहीर खेळ करायचा असला तर १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानं सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, फेस्टिवलवाले आपापली सूट काढून घेतात.

गावातला खेळ फेस्टिवलच्या आधी करायचा का नंतर, ह्यावर दोन मतं आहेत. मी म्हणतो आधी करा. ज्यांनी काम केलं त्यांना बोलवा, घरात टीव्हीला लॅपटॉप जोडून दाखवा, आणि कुणाला एखादा शॉट खटकला तर तो काढायची तयारी ठेवूनच बसा. फाइल मात्र त्या दिवशी कुणाच्याच फोनवर टाकू नका, कितीबी गळ घातली तरी. एकदा गावच्या ग्रुपवर गेली की दुसऱ्या दिवशी ती कुणाच्या तरी चॅनलवर असणार, वर त्याचा लोगो चिकटवून.